ताब्याचे संरक्षण कोणासाठी?

भंडारा जिल्ह्याच्या तुमसर तालुक्यात, सातपुड्याच्या एका टेकडीवर, आंबागडचा किल्ला उभा आहे. देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाह याच्या अमदानीत, इ. स. १७०० च्या सुमारास, शिवनीचा सुभेदार राजाखान पठाण याने तो बांधविला. पुढे तो नागपूरकर भोसल्यांकडे गेला आणि त्यांनी त्याचा उपयोग बंदीखान्यासारखा केला. भोसल्यांचे राज्य संपल्यावर तो इंग्रजांच्या हाती पडला. किल्ल्याच्या ताब्याचा निवाडा तरवारीने किंवा तहाने व्हावा हे त्या काळच्या राज्यव्यवहाराला धरूनच होते. ज्याची शिबंदी दरवाजावर, त्याचा किल्ला, यापलीकडे हक्काची मीमांसा करण्याचे कोणाला कारण नव्हते. परंतु त्याच किल्ल्याच्या पायथ्याशी धानाच्या ज्या बांध्या पसरल्या आहेत, त्यांचा ताबाही याच न्यायाने ठरू लागला, तर गाव नावाची संस्था एक हंगामभरसुद्धा टिकणार नाही. राज्यसंस्थेने प्रजेकडून शस्त्र काढून घेतले आणि त्याच्या मोबदल्यात न्यायासन दिले, असे आपण मानतो. तो करार खरोखर पाळला जातो की नाही हे मोठ्या घटनात्मक प्रश्नांवरून जितके कळते, त्याहून अधिक एखाद्या धुऱ्याच्या, म्हणजे शेताच्या बांधाच्या, भांडणावरून कळते.

न्यायालये मालकीचे संरक्षण करतात हे सर्वांना समजते व पटते. परंतु मालकीची चौकशी बाजूला ठेवून, ‘प्रत्यक्ष ताबा कोणाचा होता’ एवढाच प्रश्न विचारून न्यायालय एखाद्याच्या बाजूने हुकूमनामा करते, तेव्हा सामान्य माणसाच्या न्यायबुद्धीला धक्का बसतो. जमीन माझी, खरेदीखत माझे, सातबाऱ्यावर नाव माझे, शेतसारा मी भरला. आणि तरीही ज्याच्यापाशी कागदाचा एक चिटोरा नाही त्या माणसाला न्यायालयाने शेतात पुन्हा नेऊन बसवावे, हा कोणता न्याय, असा त्याचा सवाल असतो. या सवालातील वेदना खोटी नाही. आयुष्याची पुंजी घालून घेतलेल्या जागेवर दुसऱ्याच कोणाचे बस्तान पाहणाऱ्या माणसाला कायद्याची तत्त्वे ऐकवणे सोपे नसते. म्हणून या प्रश्नाचा विचार करताना त्याची तक्रार पूर्ण ताकदीनिशी समोर ठेवली पाहिजे, आणि मगच असे म्हणता आले पाहिजे की, न्यायालय करते ते योग्यच करते.

समजा, आंबागडाच्या परिसरात एका शेतकऱ्याने दहा-बारा वर्षे एक बांधी कसली आहे. ती त्याच्याकडे कशी आली याच्या दोन हकिकती गावात सांगितल्या जातात: एका हकिकतीप्रमाणे त्याच्या बापाने ती तोंडी व्यवहाराने घेतली आणि खरेदीखत करावयाचे राहून गेले, दुसरीप्रमाणे मूळ मालक नागपुरास नोकरीस गेला असताना याने हळूहळू पाय पसरले. एका वर्षी रोवणी आटोपल्यावर सातबाऱ्यावर ज्याचे नाव आहे तो इसम चार माणसे आणि ट्रॅक्टर घेऊन येतो, रोवलेले धान चिखलात गाडतो आणि शेतात आपला माणूस बसवतो. हाकलला गेलेला शेतकरी दिवाणी न्यायालयात गेला, तर त्याच्यासाठी १९६३ च्या विशिष्ट साहाय्य कायद्याचे सहावे कलम आहे. त्याने सिद्ध करावयाचे ते एवढेच, की स्थावराचा ताबा आपल्याकडे होता, तो आपल्या संमतीवाचून आणि कायद्याचा मार्ग सोडून काढून घेण्यात आला, आणि त्या दिवसापासून सहा महिन्यांच्या आत आपण दावा दाखल केला. प्रतिवादीने आपल्या मालकीचे कितीही भक्कम पुरावे आणले, तरी या दाव्यात ते ऐकले जात नाहीत. हुकूमनाम्यावर अपील नाही, पुनर्विलोकन नाही. ज्याला मालकीचा प्रश्न निकालात काढावयाचा आहे त्याने स्वतंत्र दावा करावा, त्याचा दरवाजा उघडाच आहे. परंतु आधी ताबा परत द्यावा आणि मग भांडावे.

हे तत्त्व काही काल-परवाचे नाही. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याच्या पंधराव्या कलमात ते होते, तेथून ते १८७७ च्या विशिष्ट साहाय्य कायद्याच्या नवव्या कलमात आले आणि स्वातंत्र्यानंतर आजच्या सहाव्या कलमात. मुंबई इलाख्यात तर १९०६ च्या मामलेदार न्यायालय कायद्याने हेच काम गावाच्या जवळ आणून ठेवले: बेकायदा काढलेला ताबा, अडविलेले पाणी, बंद केलेली वाट यांविषयी सहा महिन्यांत मामलेदाराकडे अर्ज करावा आणि त्याने मालकीच्या गुंत्यात न शिरता निर्णय द्यावा, अशी ती योजना होती. १९२४ साली मिदनापूर जमीनदारी कंपनीच्या खटल्यात प्रीव्ही कौन्सिलने स्पष्ट केले की, हिंदुस्थानात कोणालाही बळाने ताबा घेण्याची मुभा नाही. जो ताबा मिळण्याचा हक्क आहे तोही न्यायालयामार्फतच मिळविला पाहिजे. १९६८ साली सर्वोच्च न्यायालयाने ग्वाल्हेरकडच्या एका कुळाच्या खटल्यात हेच तत्त्व उचलून धरले: कुळाची मुदत संपली म्हणून जमीनमालकाला शेतात घुसण्याचा अधिकार प्राप्त होत नाही. त्याच वर्षी केरळातून आलेल्या नायर सर्व्हिस सोसायटीच्या खटल्यात न्यायालय आणखी एक पाऊल पुढे गेले. तेथे वादीची स्वतःची वहिवाट सरकारी जमिनीवरची, म्हणजे मुळातच बिनहक्काची होती. तरीदेखील त्याला ज्याने हुसकावले त्याच्याविरुद्ध तो दाद मागू शकतो, कारण खरा मालक सोडून बाकी सर्व जगाविरुद्ध ताबा हाच हक्क आहे, असे ठरले.

मग प्रश्न उरतो तो ‘का’ हा. एकोणिसाव्या शतकातील जर्मन पंडितांनी त्यावर मोठा वाद घातला. साव्हिन्यी याने १८०३ साली आपल्या प्रसिद्ध ग्रंथात असे प्रतिपादन केले की, ताब्याचे संरक्षण हे वस्तुतः माणसाचे संरक्षण आहे. ज्याच्या हातून वस्तू हिसकावली जाते त्याच्या व्यक्तित्वावरच आघात होतो आणि कायदा तो आघात निवारतो. येरिंग याला हे मान्य नव्हते. त्याच्या मते ताबा ही मालकीची बाहेरची तटबंदी आहे. शंभरांपैकी बहुतेक ताबेदार मालकच असतात, आणि प्रत्येक धक्क्यासरशी त्यांना आपली मालकी पहिल्यापासून सिद्ध करावी लागू नये म्हणून कायदा तटावरच शत्रूला थोपवितो. या सोयीचा लाभ एखाद्या अपात्र माणसाला मिळतो ती त्या सोयीची अपरिहार्य किंमत होय. दोघांच्याही म्हणण्यात तथ्य आहे. परंतु दोघांनीही ज्या समाजाचा विचार केला, तेथे मालकी ही बहुधा लिहिलेली, नोंदलेली, निश्चित अशी वस्तू होती. आपल्याकडे, आणि विशेषेकरून वैनगंगेच्या या खोऱ्यात, ती कधीच तशी नव्हती.

आपल्या धर्मशास्त्रकारांनी या अनिश्चिततेची जाण ठेवूनच भुक्तीचा विचार केलेला दिसतो. याज्ञवल्क्याने व्यवहाराध्यायात लेख, भुक्ती आणि साक्षी ही तीन प्रमाणे सांगितली. आणि मालक पाहत असताना, तो काहीही न बोलता, परक्याने वीस वर्षे भूमीचा उपभोग घेतला तर मालकाची हानी होते, असा नियम घातला. इतर धनाला ही मुदत दहा वर्षांची. या नियमात अधोरेखित करण्याजोगी गोष्ट वीस हा आकडा नव्हे. मालकाचे पाहणे आणि न बोलणे ही होय. जो हाकेच्या अंतरावर असून गप्प बसला त्याच्यावर नियमाचा रोख आहे. म्हणूनच गहाण, सीमा, ठेव, अज्ञानाचे व जडबुद्धीचे धन, स्त्रीधन आणि राजाचे व श्रोत्रियाचे धन यांना त्याने अपवाद केले, कारण यांतील मालक बोलू शकत नाही किंवा त्याच्या न बोलण्याला अन्य सबळ कारण असते. विज्ञानेश्वराने मिताक्षरेत तर या नियमाला आणखी आवर घातला: हानी होते ती फळाची, भूमीची नव्हे, उपभोगिलेले उत्पन्न मालकाला परत मागता येणार नाही, पण स्वामित्व नष्ट होत नाही. आगमावाचून, म्हणजे हक्काच्या मुळावाचून, भुक्ती दुबळी. आणि पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली भुक्ती मात्र आगमाहून बलवत्तर. ताबा आणि स्वामित्व यांच्यामधला हा भेद ज्या समाजाने इतक्या सूक्ष्मतेने पाहिला, त्याला आजचे सहावे कलम विलायती वाटण्याचे कारण नाही. मराठी मुलुखातल्या मिराशी, म्हणजे वंशपरंपरागत हक्काचा, आणि उपरी, म्हणजे बाहेरून येऊन कसणारा, या भेदातही हाच विचार काम करीत होता. दुष्काळात परागंदा झालेला मिरासदार वर्षांनंतर परतला, तर गाव त्याचा हक्क ओळखीत असे. परंतु त्याच्या मागे जमीन पडीक न ठेवणाऱ्या माणसालाही गाव रस्त्यावर फेकून देत नसे.

भंडाऱ्याच्या इतिहासाकडे वळले म्हणजे ही गोष्ट अधिक ठळक होते. भोसल्यांच्या राज्यात गावचा वसूल करणारा पाटील हा जमिनीचा मालक नव्हता. वसुलाचा तो जबाबदार होता, एवढेच. १८६० नंतरच्या दशकात इंग्रजांनी मध्य प्रांतात जमाबंदी केली, तेव्हा या वसुलदारालाच त्यांनी मालगुजार म्हणून गावाची मालकी बहाल केली. एका लेखणीच्या फटकाऱ्यासरशी शेकडो गावांतील कसणारे आपल्याच जमिनीवर कूळ ठरले. परंतु त्या जमाबंदीच्या अधिकाऱ्यांपुढेही एक अडचण उभी राहिली: काही शेतकऱ्यांची वहिवाट इतकी जुनी, इतकी निर्वेध होती की त्यांना मालगुजाराचे कूळ म्हणणे उघड अन्यायाचे झाले असते. तेव्हा त्यांना त्यांच्या त्यांच्या तुकड्यांपुरते मालक मानण्यात आले आणि त्यांचे नाव पडले मलिक-मकबुजा. ताब्याने मालकीला जन्म दिल्याचे हे सरकारी दप्तरातले उदाहरण आहे. पुढे नव्वद वर्षांनी चक्र फिरले. भंडारा तेव्हा मध्य प्रदेशात होता. त्या राज्याच्या १९५० च्या मालकी हक्क निर्मूलनाच्या कायद्याने ३१ मार्च १९५१ रोजी मालगुजाऱ्या संपल्या, गावे सरकारजमा झाली, आणि मालगुजाराकडे काय उरले? जी सीर आणि खुदकाश्त तो घरची शेती म्हणून धारण करीत होता, तेवढी. आणि तीही मलिक-मकबुजा हक्काने. गावाची सनद गेली, कसणूक राहिली. बहुतेक तलावही सरकारकडे गेले. त्यांना लोक आजही माजी मालगुजारी, म्हणजे ‘मामा’ तलाव म्हणतात. मालक बदलला, परंतु त्या तलावाखाली ज्यांच्या बांध्या भिजत होत्या त्यांचे पाणी आणि गावाचा निस्तार, म्हणजे सरपण-चराईसारखा सामायिक वापर, चालूच राहिला.

माझे म्हणणे या इतिहासाच्या आधाराने मांडावयाचे आहे. मालकी ही सत्ता देते आणि सत्ता काढून घेते; शंभर वर्षांत ती दोनदा सर्वस्वी बदललेली आपण पाहिली. कसणाऱ्याचे जमिनीशी नाते त्या मानाने कितीतरी सावकाश बदलते. म्हणून ताब्याचे संरक्षण करणे म्हणजे अतिक्रमण करणाऱ्यावर दया दाखविणे, ही समजूत मुळातच चुकीची आहे. ज्याच्याकडे कागद आहे तो बहुधा सबळ असतो. त्याला वकील, तहसील, मोजणी आणि अपील हे सर्व मार्ग मोकळे असतात व परवडतात. ज्याच्याकडे कागद नाही त्याच्याकडे ताबा हीच एकमेव मालमत्ता असते. बळाचा वापर करण्याची सवलत मालकाला दिली, तर ती वस्तुतः ‘मी मालक आहे’ असे म्हणणाऱ्या प्रत्येक दांडग्याला मिळते. कारण धुऱ्यावर उभ्या असलेल्या चार माणसांतील खरा मालक कोण, हे ट्रॅक्टरला कळत नाही.

आणि कागदाचे तरी काय? सातबारा हा महसुलाचा दाखला आहे. १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या १५७ व्या कलमाने अधिकार अभिलेखातील नोंद खरी असल्याचे गृहीत धरले जाते, पण विरुद्ध सिद्ध होईपर्यंतच. फेरफाराच्या नोंदीने मालकी निर्माणही होत नाही आणि नष्टही होत नाही, हे न्यायालयांनी वारंवार सांगितले आहे. घरोघरचा अनुभव काय सांगतो? आजोबा वारले, वारसाची नोंद थोरल्याच्या नावे ‘ए. कु. मॅ.’, म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर, म्हणून झाली. भावाभावांनी तोंडी वाटण्या केल्या, धुरे घातले, तीस वर्षे आपापला हिस्सा कसला. पण सातबाऱ्यावर अक्षर बदलले नाही. मग थोरल्याच्या मुलाला ते एकच नाव दिसते आणि चुलत्याच्या विधवेला तो सांगतो की तुझा येथे हक्क नाही. भंडारा, गोंदियाच्या गावांतून रोवणी, निंदणी आणि कापणी यांचा भार बाईच वाहते. पण दप्तरात तिचे नाव शोधू गेले तर ते क्वचितच सापडते. १९५६ च्या आणि २००५ च्या वारसा कायद्यांनी तिला हक्क दिला आहे, ही गोष्ट खरी. परंतु तो हक्क शाबीत होईपर्यंत दिवाणी दाव्यात वर्षे जातात, आणि तोवर तिला शेतात टिकवून धरणारी वस्तू एकच, ती म्हणजे ताबा. सहाव्या कलमाचा विचार करताना माझ्या डोळ्यांसमोर शहरातला जागा बळकावणारा धनदांडगा येत नाही. ही बाई येते.

तथापि ताबा म्हणजे काय, याची मर्यादा कडकपणे आखली नाही तर हे सर्व तत्त्वज्ञान लबाडाच्या पथ्यावर पडेल. न्यायालयांनी ती आखलेली आहे. १९७५ च्या पूरणसिंग खटल्यात आणि पुन्हा २००४ च्या रामे गौडा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ‘स्थिरावलेला ताबा’ ही कसोटी घातली: ताबा प्रत्यक्ष असावा, पुरेसा काळ चाललेला असावा, मालकाला माहीत असलेला किंवा लपवाछपवी न करता घेतलेला असावा, शेतजमिनीच्या बाबतीत पीक कोणी उभे केले हा एक मोठा पुरावा. रात्री कुंपण तोडून आत आलेला माणूस सकाळी ‘मी ताबेदार’ म्हणू शकत नाही. त्याला मालकाने तेथल्या तेथे हटविले तर कायदा मालकाच्याच बाजूचा आहे. तसेच दुसऱ्याच्या वतीने वस्तू सांभाळणारा ताबेदार नव्हे. गोव्यातील एका बहीणभावाच्या खटल्यात, २०१२ साली, सर्वोच्च न्यायालयाने हे फार स्पष्टपणे सांगितले. बहिणीच्या मालकीच्या घरात राहणाऱ्या भावाने सहाव्या कलमाखालीच दावा आणला होता. न्यायालयाने म्हटले की नोकर, राखणदार, आप्त किंवा देखरेख करणारा कितीही वर्षे राहिला तरी त्याला हितसंबंध निर्माण होत नाही, आणि जो ताबा सांगतो त्याने तो कसा, केव्हा, कोणत्या नात्याने आला याची पूर्ण हकिकत कैफियतीत दिली पाहिजे. हा निर्णय मला फार मोलाचा वाटतो. विश्वासाने किल्ली दिली म्हणून घर गमवावे लागणार असेल, तर उद्या कोणी कोणावर विश्वास टाकणार नाही.

येथे आणखी एक गल्लत दूर केली पाहिजे. ताब्याचे संरक्षण आणि प्रतिकूल ताब्याने मिळणारी मालकी या दोन अगदी वेगळ्या गोष्टी आहेत, आणि पहिलीवरचा राग बहुतेक वेळा दुसरीवरचा असतो. १९६३ च्या मुदत कायद्याप्रमाणे खाजगी मालकाने बारा वर्षांत दावा केला नाही तर त्याचा हक्कच लोपतो. सरकारला तीस वर्षे मिळतात. २००८ साली सर्वोच्च न्यायालयाने या कायद्यावर, तो तर्कविसंगत आहे, अशी कठोर टीका करून फेरविचार सुचविला. २०२३ च्या २८० व्या अहवालात विधी आयोगाने बहुमताने बदलाची गरज नाही असे मत दिले. मला स्वतःला विज्ञानेश्वराची वाट अधिक न्याय्य वाटते: गप्प राहिलेल्या मालकाने फळ गमवावे, पण परागंदा, अज्ञान किंवा अगतिक मालकाने भूमी गमावू नये. परंतु या मताचा सहाव्या कलमाशी काही संबंध नाही. सहावे कलम कोणाला मालक करीत नाही. ते फक्त म्हणते, हात मागे घे आणि न्यायालयात ये.

या सुंदर इमारतीला एक मोठे भगदाड मात्र आहे. सहाव्या कलमातच असे म्हटले आहे की, या कलमाखाली सरकारविरुद्ध दावा आणता येणार नाही. शेजाऱ्याने हाकलले तर सहा महिन्यांत दाद. तलाठी, वनरक्षक आणि पोलिसांचा ताफा यांनी हाकलले तर या कलमाचा दरवाजा बंद. रिट अर्जाचा मार्ग आहे, हे मी विसरलेलो नाही. १९६१ साली बिशनदास खटल्यात, सरकारी जमिनीवरील एका धर्मशाळेतून तिच्या चालकांना केवळ प्रशासकीय हुकुमाने हटविणाऱ्या पंजाब सरकारला सर्वोच्च न्यायालयाने कठोर शब्दांत सुनावले होते. संविधानाच्या ३००-अ अनुच्छेदाखाली कायद्याच्या अधिकाराशिवाय कोणाचीही मालमत्ता काढून घेता येत नाही. २०२४ च्या नोव्हेंबरात घरे पाडण्यापूर्वी पंधरा दिवसांची नोटीस देण्याचे बंधनही न्यायालयाने घातले, जरी रस्ता, पदपथ, नदीपात्र अशा सार्वजनिक जागांवरील बांधकामे त्यातून वगळली. पण तुमसरचा शेतमजूर आणि उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ यांच्यामध्ये जे अंतर आहे ते केवळ मैलांचे नाही. तालुक्याच्या न्यायालयात मिळणारा साधा, जलद उपाय जर शेजाऱ्याविरुद्ध आवश्यक मानला, तर सर्वांत बलाढ्य शेजाऱ्याविरुद्ध, म्हणजे शासनाविरुद्ध, तो अनावश्यक कसा?

पूर्व विदर्भात हा प्रश्न पुस्तकी नाही. २००६ च्या वनहक्क कायद्याने १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून वनजमीन कसणाऱ्या आदिवासींचा ताबा मान्य केला. इतर पारंपरिक वननिवासींना तीन पिढ्यांच्या, म्हणजे पंचाहत्तर वर्षांच्या, वास्तव्याची अट घातली. आणि चौथ्या कलमाच्या पाचव्या पोटकलमात सांगितले की, दाव्याची पडताळणी पूर्ण होईपर्यंत कोणालाही ताब्यातील वनजमिनीवरून हटवू नये. आपल्या कायद्यांत हे पोटकलम मला फार उदात्त वाटते, कारण येथे राज्याने स्वतःविरुद्ध ताब्याला कबुली दिली. दुसऱ्या बाजूस नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांतील झुडपी जंगलाचा प्रश्न आहे. महसुली दप्तरात निस्तारासाठी राखलेल्या या सुमारे ८६ हजार हेक्टर झुडपी जमिनी वन आहेत, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २२ मे २०२५ रोजी दिला. १२ डिसेंबर १९९६ पूर्वीच्या वाटपांना नियमित करण्याची वाट ठेवली, पण त्यानंतरच्या ताब्यांवर टांगती तरवार राहिली. वन वाचविणे अगत्याचे आहे, याविषयी दुमत नाही. ते वाचविताना दोन पिढ्यांपूर्वी कोण्या कारकुनाने ‘झुडपी’ असे लिहिले म्हणून ज्यांच्या चुली तेथे पेटल्या त्यांना सुनावणीवाचून हलविले जाऊ नये, एवढेच माझे म्हणणे आहे. ज्या राज्याने ‘मामा’ तलाव, जंगल आणि पडीक यांची मालकी १९५१ साली एका कायद्याने आपल्याकडे घेतली, त्याने त्या मालकीच्या जोरावर हाताने ताबा काढू नये. नागरिकाला जो नियम, तोच त्याला.

दुसरी दुखरी जागा विलंबाची. सहावे कलम हे तातडीचे औषध म्हणून योजले गेले. परंतु तातडीच्या दाव्यालाही जेव्हा वर्षे लागतात, तेव्हा बळाने घेतलेला ताबा तेवढी वर्षे बळवंताकडेच राहतो आणि हुकूमनामा हाती येईतो शेतातली तीन-चार पिके त्याने काढलेली असतात. फौजदारी बाजूला, जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या १४५ व्या आणि आता नागरिक सुरक्षा संहितेच्या १६४ व्या कलमाखाली, कार्यकारी दंडाधिकाऱ्याने शांततेच्या रक्षणासाठी ताबा कोणाचा एवढेच ठरवावयाचे असते. पोलिसांच्या अहवालापूर्वीच्या दोन महिन्यांत बळाने हुसकावलेला माणूस ताब्यातच होता असे त्याला मानता येते. पण तेथेही तारखा पडतात, जमीन जप्तीत जाते आणि बांधी पडीक राहते. प्रत्येक जिल्हा न्यायाधीशाने सहाव्या कलमाचे दावे वेगळ्या फलकावर लावावेत आणि त्यांत अंतरिम हुकूम पेरणी-रोवणीचा हंगाम पाहून द्यावेत, ही मागणी अवाजवी नाही. आणि संसदेने सहाव्या कलमातील सरकारचा अपवाद काढून टाकावा. निदान ज्या जमिनीवर वनहक्काचा किंवा वहिवाटीचा दावा प्रलंबित आहे, तेथे तरी तो लागू नसावा.

सामान्य वाचकाला, विशेषतः ज्याचे नाव दप्तरात नाही पण ज्याचा नांगर शेतात आहे त्याला, एक सांगणे. वहिवाटीचा पुरावा हंगाम चालू असतानाच जमवून ठेवावा: सोसायटीच्या कर्जाची व खताची पावती, धान खरेदी केंद्राची पावती, वीजबिल, मोका पंचनामा, वहिवाटीसंबंधी तहसीलदारापुढे झालेल्या चौकशीचे कागद. मालकाने परवानगीने जमीन दिली असेल तर तेही प्रामाणिकपणे लिहून ठेवावे. खोट्या कैफियतीने खरा ताबाही बुडतो. आणि कोणी हाकलले तर पोलीस ठाण्यात तक्रार जरूर द्यावी, तलाठ्याला व तहसीलदाराला अर्जही करावा, परंतु त्यांच्या उत्तराची वाट पाहत बसू नये, कारण त्या अर्जांनी दिवाणी न्यायालयाची मुदत थांबत नाही. ती सहा महिन्यांची आहे, आणि ज्या दिवशी ताबा गेला त्याच दिवसापासून मोजली जाते.